अनुबोधपटाला घर हवे

२० ऑगस्ट २०१३ रोजी सकाळी पुण्यात महर्षी विठ्ठल रामजी शिंदे पुलावर डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा खून झाला. दीड वर्षाने कोल्हापुरात गोविंद पानसरे यांच्यावर गोळ्या झाडण्यात आल्या आणि त्यातच त्यांचा अंत झाला. त्यानंतर २०१५ मध्ये धारवाडला प्रा. एम. एम. कलबुर्गी आणि २०१७ मध्ये बंगळूरला गौरी लंकेश यांच्या हत्या झाल्या. या घटनांच्या निमित्ताने देशातील धर्मांध राजकारणाचा शोध घेणारा सुमारे चार तासांचा ‘विवेक’ हा अनुबोधपट आनंद पटवर्धन यांनी २०१८ मध्ये पूर्ण केला. तो प्रथम टोरांटोला दाखवला गेला. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात अ‍ॅमस्टरडॅमच्या आंतरराष्ट्रीय अनुबोधपट महोत्सवात पूर्ण लांबीच्या अनुबोधपटांमधील सर्वोच्च पारितोषिक त्याला मिळाले. भारतात त्याचे प्रदर्शन ठरले ते जून २०१९ मध्ये तिरुवनंतपुरमच्या वार्षिक आंतरराष्ट्रीय अनुबोधपट व लघुपट महोत्सवात. परंतु केंद्र सरकारच्या माहिती व प्रसारण मंत्रालयाने त्यासाठी लागणारी सूट नाकारली. प्रकरण केरळ उच्च न्यायालयात गेले, न्यायालयाने परवानगी दिली आणि मगच तिरुवनंतपुरमच्या प्रेक्षकांना तो पाहता आला. २०२० च्या मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासाठी मात्र त्याची निवड झाली नाही. त्याविषयीची तक्रार मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेली, तरी महोत्सवाच्या पडद्यावर तो आला नाही.

हा प्रवास उलट्या दिशेचा आहे. ज्या विषयाचा उगम पुण्यात आणि कोल्हापुरात, ज्यातील बरीचशी माणसे मराठी बोलणारी, तो अनुबोधपट टोरांटो, अ‍ॅमस्टरडॅम आणि तिरुवनंतपुरम येथे मानाने दाखवला गेला. महाराष्ट्राच्या राजधानीतील सरकारी महोत्सवात त्याला जागा मिळाली नाही. पटवर्धन यांची मते सर्वांनी मान्य करावीत, असे कोणी म्हणणार नाही. त्यांच्या मांडणीतील एकांगीपणावर कठोर टीका करता येईल आणि ती व्हावीही. पण टीका करण्यासाठी आधी कृती पाहावी लागते. ती पाहावी कोठे, हा खरा प्रश्न आहे. आणि तो एका दिग्दर्शकाचा किंवा एका अनुबोधपटाचा नाही.

सावे दादांचा वारसा

कथापटाला चित्रपटगृह असते, जाहिरात असते, वितरक असतो. तो वाईट निघाला तरी आठवडाभर टिकतो. अनुबोधपटाला यांपैकी काहीच नसते. तिकीट काढून अनुबोधपट पाहण्याची सवय आपल्याकडे लागली नाही आणि ती लागावी असे प्रयत्नही झाले नाहीत. म्हणून कथापटाच्या दृष्टीने महोत्सव हा अलंकार असला, तरी अनुबोधपटाच्या दृष्टीने ते घर असते. कथापटाला महोत्सवाने नाकारले तर त्याचा एक मान जातो. अनुबोधपटाला नाकारले तर त्याचा प्रेक्षकच जातो. अनुबोधपटांच्या महोत्सवात कोण निवड करतो, कोणत्या नियमाने करतो आणि कोणाच्या परवानगीने करतो, या प्रश्नांना म्हणूनच इतके महत्त्व आहे.

विशेष हे की, या कलाप्रकाराचा भारतातील जन्मच मुंबईत आणि एका मराठी माणसाच्या हातून झाला. ल्यूमिएर बंधूंची हलती चित्रे ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात दाखवली गेल्यानंतर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावे दादा या छायाचित्रकाराने परदेशातून कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधील कुस्ती त्यांनी चित्रित केली. केंब्रिजला सीनियर रँग्लर होऊन परतलेले र. पु. परांजपे यांच्या मुंबईतील स्वागताचे चित्रण केले, तेही त्यांनीच. दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ चा. म्हणजे आपल्याकडे पडद्यावर देव आणि राजे अवतरण्याच्या दशकभर आधीच खरी माणसे आणि खऱ्या घटना अवतरल्या होत्या. फाळक्यांच्या परंपरेतून एक अवाढव्य उद्योग उभा राहिला. सावे दादांची परंपरा मात्र सरकारच्या आश्रयाला गेली.

हा आश्रय सर्वस्वी वाया गेला, असे म्हणणे अन्यायाचे होईल. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने हजारो अनुबोधपट आणि वार्तापट काढले. साठच्या दशकात याच सरकारी छपराखाली सुखदेव, एस. एन. एस. शास्त्री आणि प्रमोद पती यांच्यासारख्यांनी धाडसी प्रयोग केले. शास्त्री यांच्या ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’ या १९६७ च्या लघुपटात स्वातंत्र्याबरोबर जन्मलेली तरुण मुले देशाविषयी जे मोकळेपणाने बोलतात, ते आजही ऐकण्यासारखे आहे. तथापि चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी सरकारी पट दाखवण्याची जी सक्ती होती, तिने नकळत मोठे नुकसान केले. धरणाचे उद्घाटन आणि मंत्र्यांचे दौरे म्हणजेच अनुबोधपट, अशी समजूत तिने दोन पिढ्यांच्या मनात रुजवली. वार्तापट संपेपर्यंत बाहेर चहा घेत उभे राहणारा प्रेक्षक हे त्या काळातील चित्रपटगृहांचे नेहमीचे दृश्य होते. सक्तीने प्रेक्षक बसवता येतो, घडवता येत नाही.

मुंबईचा धडा

तो घडवण्याची संधी १९९० मध्ये आली. त्या वर्षी फिल्म्स डिव्हिजनने मुंबईत अनुबोधपट आणि लघुपटांचा आंतरराष्ट्रीय महोत्सव सुरू केला. काळ अनुकूल होता. अ‍ॅमस्टरडॅमचा महोत्सव १९८८ चा, जपानमधील यामागाता येथील महोत्सव १९८९ चा आणि मुंबईचा त्यानंतर लगेचचा. तिघांचा आरंभ जवळजवळ एकाच वेळी झाला. अ‍ॅमस्टरडॅमचा महोत्सव दरवर्षी नोव्हेंबरात भरत राहिला आणि जगातील अनुबोधपटांची सर्वांत मोठी पेठ ठरला. १९९३ पासून नव्या अनुबोधपटांसाठी निर्माते आणि दूरचित्रवाणी वाहिन्या यांची तेथे गाठ घालून देण्यात येऊ लागली आणि १९९८ मध्ये आशिया, आफ्रिका आणि लॅटिन अमेरिकेतील निर्मात्यांसाठी निधीही उभा राहिला. मुंबईचा महोत्सव मात्र एक वर्षाआड भरतो. मधल्या वर्षी प्रेक्षकाने काय करावे, याचे उत्तर कोणाजवळ नाही. सवय ही सातत्याने लागते. दोन वर्षांतून एकदा उघडणाऱ्या ग्रंथालयाचे वाचक वाढत नसतात.

मुंबईच्या महोत्सवाने चांगले अनुबोधपट दाखवलेच नाहीत, असे नाही. रमाबाई आंबेडकर नगरातील १९९७ च्या गोळीबारापासून सुरू होणारा आणि दलित शाहिरांची परंपरा उभी करणारा पटवर्धन यांचाच ‘जय भीम कॉम्रेड’ २०१२ मध्ये या महोत्सवात गौरवला गेला. सरकारी यंत्रणा मनात आणले तर सरकारला न रुचणाऱ्या कृतीचाही सन्मान करू शकते, हे त्यातून दिसले. अडचण अशी की, ते मनात येणे किंवा न येणे यावरच सारे अवलंबून राहते.

याचा कटू अनुभव २००४ मध्ये आला होता. त्या वर्षीच्या महोत्सवासाठी भारतीय अनुबोधपटांना सेन्सॉरचे प्रमाणपत्र बंधनकारक करण्याचा नियम काढण्यात आला. परदेशी कृतींना हे बंधन नव्हते. आपल्याच देशात आपल्याच लोकांवर अधिक अविश्वास दाखवणाऱ्या या नियमाविरुद्ध देशभरातील अनुबोधपटकार एकत्र आले आणि नियम मागे घ्यावा लागला. पण त्यानंतर निवड समितीच्या चाळणीत अनेक महत्त्वाच्या कृती बाहेर राहिल्या. गुजरातमधील २००२ च्या हिंसाचारावरील राकेश शर्मा यांचा ‘फायनल सोल्युशन’ हा त्यांपैकी एक. त्याच महिन्यात बर्लिनच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. मुंबईत नाकारल्या गेलेल्या अनुबोधपटांसाठी दिग्दर्शकांनी प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात ‘विकल्प’ नावाचा समांतर महोत्सव भरवला. तेथे लाल गालिचा नव्हता आणि पारितोषिकेही नव्हती. पण प्रेक्षक आले, पाहून झाल्यावर वाद घातले आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा आले. जे प्रमाणपत्राच्या सक्तीने साधले नसते ते निवडीच्या नावाखाली साधता येते, हा त्या प्रसंगाचा पहिला धडा. प्रेक्षक नाही ही सबब खोटी आहे, हा दुसरा.

केरळची वाट

हाच दुसरा धडा केरळने मनावर घेतला, असे म्हणावयास हरकत नाही. २००८ पासून केरळ राज्य चलच्चित्र अकादमी तिरुवनंतपुरमला अनुबोधपट आणि लघुपटांचा आंतरराष्ट्रीय महोत्सव भरवते. साथीमुळे २०२० चे वर्ष चुकले. एरवी तो दरवर्षी होत आला आहे. कैरळी, श्री आणि निळा ही राज्य सरकारच्या चित्रपट विकास महामंडळाची एकाच आवारातील तीन चित्रपटगृहे या दिवसांत अनुबोधपटांना मिळतात. बाहेर पायऱ्यांवर विद्यार्थी, शिक्षक आणि कारकून यांच्या चर्चा रंगतात. ही आवड आकाशातून पडलेली नाही. १९६५ मध्ये अडूर गोपालकृष्णन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी चित्रलेखा फिल्म सोसायटी स्थापन केली. ऐंशीच्या दशकात जॉन अब्राहम आणि त्यांच्या ‘ओडेसा’ मंडळींनी लोकांकडून वर्गणी गोळा करून ‘अम्म अरियान’ हा चित्रपट काढला आणि गावोगाव फिरून तो दाखवला. वाचनालयांच्या चळवळीने जी भूमी नांगरली होती तीत हे बीज पडले. महोत्सव हा त्या पेरणीचा सुगीचा दिवस आहे.

केरळचे उदाहरण देताना एक सावधगिरी आवश्यक आहे. तेथील महोत्सवही शेवटी राज्य सरकारच्याच संस्थेचा आहे. केंद्रातील सत्तेला झोंबणारी कृती दाखवण्याचे धैर्य राज्यातील विरुद्ध पक्षाच्या सत्तेला सहज येते. तिरुवनंतपुरममधील राज्यकर्त्यांना झोंबणारी कृतीही अकादमीने त्याच उत्साहाने दाखवावी, हीच तिची खरी परीक्षा. सरकारी महोत्सवाविषयी जगाचा अनुभव फारसा सुखद नाही. पूर्व जर्मनीतील लाइपझिगचा अनुबोधपट महोत्सव १९५५ मध्ये सुरू झालेला, म्हणजे जुन्यातील जुना. जगाच्या शांततेसाठी जगातील चित्रपट, हे त्याचे घोषवाक्य होते आणि पिकासोचे कबुतर हे त्याचे चिन्ह. याच महोत्सवाच्या दिवसांत, नोव्हेंबर १९८३ मध्ये, शांततेसाठी मेणबत्त्या घेऊन चित्रपटगृहाबाहेर जमलेल्या तरुणांना पोलिसांनी पकडून नेले. आत पडद्यावर शांततेचा जयघोष आणि बाहेर दारात अटक! महोत्सवाची परीक्षा त्याच्या घोषवाक्यावरून न होता त्याच्या दारात काय घडते यावरून होत असते.

सूट की मेहेरबानी?

आपल्याकडे हे दार नेमके कोणाच्या हातात आहे? १९५२ च्या चित्रपट कायद्यानुसार सार्वजनिक प्रदर्शनासाठी प्रमाणपत्र लागते. त्यापासून सूट देण्याचा अधिकार कलम ९ ने केंद्र सरकारला दिला आहे. महोत्सव भरवणारी संस्था आपली यादी मंत्रालयाकडे पाठवते आणि मंत्रालय सूट देते. बहुतेक वेळा ती मिळते, आणि म्हणूनच या अधिकारातील धोका डोळ्यांआड होतो. २०१७ मध्ये तिरुवनंतपुरमच्याच महोत्सवातील तीन कृतींना ती नाकारली गेली. रोहित वेमुलाचा मृत्यू, काश्मीर आणि दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू विद्यापीठातील विद्यार्थी आंदोलन, हे त्यांचे विषय. २०१९ मध्ये पाळी ‘विवेक’ची आली. सूट अशी एकेका कृतीगणिक देता किंवा नाकारता येऊ लागली, की ती सूट उरत नाही. ते मागल्या दाराने आलेले सेन्सॉरच होय; आणि तेही पुढल्या दारापेक्षा अधिक निर्धास्त, कारण प्रमाणपत्र नाकारताना जी कार्यपद्धती पाळावी लागते ती येथे लागत नाही.

गंमत अशी की, चित्रपटांच्या पूर्वतपासणीविषयीचा या देशातील पायाभूत न्यायनिवाडाही एका अनुबोधपटावरूनच झाला आहे. ख्वाजा अहमद अब्बास यांचा ‘चार शहर एक कहानी’ हा लघुपट १९६८ चा. कलकत्ता, मुंबई, मद्रास आणि दिल्ली या शहरांतील श्रीमंती आणि दारिद्र्य त्यात शेजारी शेजारी ठेवलेले होते. त्याला सर्वांसाठीचे प्रमाणपत्र नाकारण्यात आले आणि मुंबईच्या वेश्यावस्तीची काही दृश्ये कापण्यास सांगण्यात आले. अब्बास सर्वोच्च न्यायालयात गेले. खटला चालू असताना सरकारने काहीही न कापता प्रमाणपत्र देण्याची तयारी दाखवली. तरीही अब्बास यांनी मूळ प्रश्न सोडला नाही. १९७० च्या निकालात न्यायालयाने पूर्वतपासणी घटनेला धरून आहे असे ठरवले. चित्रपटाचा मनावर होणारा परिणाम इतर माध्यमांहून अधिक तीव्र असतो, हे त्यामागील एक कारण. मात्र निर्णयाला निश्चित मुदत आणि सरकारबाहेर अपिलाची सोय असावी, या गोष्टी त्या खटल्यात सरकारनेही मान्य केल्या. पुढे त्यासाठी अपील न्यायाधिकरण स्थापन झाले. २०२१ मध्ये ते बरखास्त करण्यात आले. आता नाराज दिग्दर्शकाला थेट उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागते. कोट्यवधींचा कथापट काढणाऱ्याला ती परवडेल. चार वर्षे उसनवारीवर अनुबोधपट करणाऱ्याला वकिलाची फी कोठून परवडणार?

सूट नाकारताना कायदा आणि सुव्यवस्थेचा आधार घेतला जातो. ही भीती सर्वस्वी काल्पनिक असते असे नाही. चित्रपटावरून दगडफेक झाल्याची उदाहरणे आपल्यासमोर आहेत. पण या युक्तिवादाचे उत्तरही सर्वोच्च न्यायालयानेच १९८९ मध्ये एस. रंगराजन खटल्यात दिले आहे. दंगलीच्या धमकीपुढे मान तुकवून अभिव्यक्तीचा हक्क दडपता येणार नाही. त्या हक्काला संरक्षण देणे हे राज्याचे कर्तव्य आहे आणि ते जमत नाही अशी सबब राज्याला सांगता येत नाही, हे त्या निकालाचे सार. शिवाय नोंदणी करून, प्रतिनिधीपत्र घेऊन, दोन-तीनशे खुर्च्यांच्या दालनात आलेला महोत्सवाचा प्रेक्षक चार तासांचा अनुबोधपट पाहून रस्त्यावर दंगा करील, असे मानणे हा त्याच्या बुद्धीचा अपमान आहे. धमकी देणारा बाहेर उभा असतो. बंदोबस्त त्याचा करावयाचा, पाहणाऱ्याचा नव्हे.

घराबाहेरचे घर

आता कोणताही अनुबोधपट इंटरनेटवर पाहता येतो, मग महोत्सवांची मातब्बरी कशाला, असा एक प्रश्न विचारला जातो. ‘विवेक’चे भागही असेच लोकांपुढे आले. ही सोय मोठी आहे, यात शंका नाही. परंतु हातातील पडद्यावर एकट्याने पाहणे आणि अनोळखी शंभर माणसांत बसून पाहणे यांत फरक आहे. एकटा पाहणारा न पटलेले चित्र अर्ध्यावर बंद करतो. दालनातील प्रेक्षक ते शेवटपर्यंत सहन करतो, नंतर उठून दिग्दर्शकाला आडवा प्रश्न विचारतो, शेजाऱ्याचे त्याच्याशी जमत नाही हे ऐकतो आणि थोडा बदलून घरी जातो. मत असणे सोपे असते. दुसऱ्याच्या मताला समोरासमोर तोंड देणे ही लोकशाहीची शाळा आहे. तिचा वर्ग एकांतात भरत नाही.

म्हणून करावयाच्या गोष्टी थोड्या पण निश्चित आहेत. कलम ९ मधील सूट कृतीला न देता महोत्सवाला मिळावी. महोत्सव खराखुरा असल्याची खात्री एकदा करून घ्यावी आणि त्यानंतर निवडीत हात घालू नये. सूट नाकारावयाचीच असेल तर कारण लेखी आणि मुदतीत द्यावे. २०२३ मध्ये चित्रपट कायद्यात दुरुस्ती झाली, तेव्हा ही संधी होती. ती हुकली, पुढची हुकू नये. मुंबईच्या महोत्सवाविषयी तर अधिक तातडीने विचार व्हावयास हवा. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली आणि महोत्सवाची सूत्रे त्या महामंडळाकडे गेली. फिल्म्स डिव्हिजनचे छत्र गेले, याची खंत अनेकांना आहे. पण जुने छत्र गेल्यावर तरी हा महोत्सव वार्षिक व्हावा आणि त्याची निवड समिती अधिकाऱ्यांच्या मर्जीबाहेर असावी, ही अपेक्षा अवाजवी नाही.

आणि सारे काही दिल्लीवर टाकून महाराष्ट्राला मोकळे होता येणार नाही. प्रभात चित्र मंडळ १९६८ पासून मुंबईत रसिक घडवीत आले आहे. पुण्यात चित्रपटाचे शिक्षण देणारी संस्था आहे, राष्ट्रीय संग्रहालय आहे, राज्य सरकारच्या पाठबळाने होणारा आंतरराष्ट्रीय महोत्सव आहे. जिल्ह्याजिल्ह्यांत महाविद्यालये आहेत आणि त्यांच्या सभागृहांत प्रक्षेपकही आहेत. नाही तो केरळसारखा एक निश्चय: दरवर्षी, ठरलेल्या दिवशी, अनुबोधपटांसाठी दार उघडण्याचा. विदर्भातील शेतकऱ्यावर, कोकणातील मच्छीमारावर किंवा मुंबईच्या गिरणीकामगारावर कोणी अनुबोधपट केला, तर तो ज्यांच्याविषयी आहे त्यांनी तो आधी पाहावा आणि अ‍ॅमस्टरडॅमने मागाहून, ही साधी अपेक्षा आहे.

सव्वाशे वर्षांपूर्वी सावे दादांनी कॅमेरा फिरवला, तेव्हा तो कोणाच्या परवानगीने फिरवत नव्हता. कुस्ती लागली होती, माणसे जमली होती आणि जे दिसले ते त्यांनी टिपले. ज्या शहरात हे घडले, त्या शहरात खरे टिपणाऱ्याला आजही दरवर्षी उघडणारे दार नाही.